मशीन येईपर्यंत

माझ्या बॅगेत एक करडं खोकं असतं. वर धातूच्या दोन पट्ट्या, आत 50 ओहमचा रेझिस्टर. माणसाच्या छातीच्या जागी हे खोकं. रुग्णालयातल्या डिफिब्रिलेटरचे दोन्ही पॅडल त्या पट्ट्यांवर दाबून धरायचे, 200 ज्यूल लावायचे, चार्ज करायचं आणि दोन्ही अंगठ्यांनी बटणं दाबायची. खोक्यावर 200 च्या आसपास आकडा उमटला तर मशीन ठीक. 140 उमटला तर उघडून बसायचं. कधीकधी काहीच उमटत नाही.

मेडिकल इलेक्ट्रॉनिक्सचा डिप्लोमा करून मी पुण्यात काही वर्षं नोकरी केली आणि मग जेऊरला, गावी परत आलो. दौंड-सोलापूर लोहमार्गावरचं हे स्टेशन. एका अंगाला उजनीचं बॅकवॉटर, बाकी सगळीकडे ऊस आणि केळी. करमाळा, कुर्डुवाडी, टेंभुर्णी, बार्शी, इंदापूर या पट्ट्यातल्या लहानमोठ्या दवाखान्यांची मॉनिटर, ईसीजी, सक्शन, सिरिंज पंप आणि शॉक मशीन मी बघतो. डिफिब्रिलेटरला सिस्टर आणि वॉर्डातले मामा-मावशी शॉक मशीनच म्हणतात, मीही इथे तेच म्हणेन. बाकीची यंत्रं बिघडली की लगेच कळतं. सक्शन ओढत नाही, मॉनिटरवर काही दिसत नाही, त्याच दिवशी फोन येतो. शॉक मशीन मात्र महिनोन्महिने ट्रॉलीवर गप्प उभं असतं, आणि ते बिघडलंय हे कळतं ते नेमकं ज्या मिनिटाला ते लागतं त्याच मिनिटाला. माझ्या कामातली सगळ्यात मोठी धास्ती हीच आहे.

लोकांना हे मशीन सिनेमातून माहीत. पडद्यावर आडवी सरळ रेघ येते, डॉक्टर शॉक देतात, पेशंट हातभर उडतो आणि रेघ पुन्हा नाचायला लागते. खरं काम नेमकं उलटं आहे. बंद पडलेलं हृदय हे मशीन सुरू करत नाही. वेड्यासारखं थरथरणारं हृदय ते क्षणभर थांबवतं.

हृदयाच्या वरच्या उजव्या कप्प्यात पेशींचा एक बारीक पुंजका असतो. मिनिटाला साठ ते शंभर वेळा तिथून विजेचा इशारा निघतो, ठरलेल्या वाटेने खाली उतरतो आणि सगळा स्नायू एकाच वेळी आवळला जातो. हार्ट अटॅकमध्ये स्नायूच्या एखाद्या भागाचं रक्त तुटलं, बाहेरून करंट लागला, रक्तातलं पोटॅशियम फार चढलं किंवा उतरलं, की कधीकधी ही शिस्त मोडते. जो तो भाग आपल्या मनाने आवळायला लागतो. हृदय हलत असतं, पण रक्ताचा थेंब पुढे जात नाही. डॉक्टर याला व्हेंट्रिक्युलर फिब्रिलेशन म्हणतात, बोलताना नुसतं व्हीएफ. दहा-पंधरा सेकंदांत माणसाची शुद्ध जाते.

संत निवृत्तिनाथांची पालखी त्र्यंबकेश्वरहून पंढरपूरला जाताना आमच्या जेऊरवरून पुढे कंदरकडे निघते. तळावर आरतीआधी दिंड्यादिंड्यांचे टाळ आपापल्या लयीत वाजत असतात. चोपदार हातातला दंड वर करतो आणि एका क्षणात सगळं चिडीचूप होतं, मग एकच आवाज उठतो. शॉकने हृदयात हेच घडतं. एकाच वेळी सगळ्या पेशींतून करंट गेला की सगळ्या एकदम गप्प होतात, आणि त्या शांततेत मूळच्या पुंजक्याला पुन्हा ताबा घ्यायला संधी मिळते. तो घेईलच असं नाही. पण संधी मिळते. रेघ आधीच सरळ असेल तर गप्प करायला काही उरलेलंच नसतं. म्हणून तिथे शॉक देत नाहीत. तिथे छाती दाबणं, ऑक्सिजन, ॲड्रेनॅलिनचं इंजेक्शन आणि हृदय का थांबलं याचा शोध, एवढंच हातात असतं.

व्हीएफखेरीज आणखी एका वेळी शॉक लागतो. हृदय फार वेगाने, पण एका लयीत धावतं आणि नाडी लागत नाही, तेव्हाही तोच शॉक. नाडी आहे पण लय बिघडून रक्तदाब कोसळतोय, अशा वेळी कमी ज्यूलचा शॉक देतात आणि मशीनवरचं ‘सिंक’ बटण आधी दाबावं लागतं. मग मशीन ईसीजीतल्या उंच टोकाशी वेळ जुळवून शॉक सोडतं. ठोका संपून स्नायू पूर्ववत होत असतानाच्या नाजूक क्षणी शॉक पडला, तर ज्याला बरं करायचं त्यालाच व्हीएफ होऊ शकतं. त्यामुळे माझ्या तपासणीत सिंकची वेळ मी सगळ्यात सावकाश बघतो. लहान मुलांसाठी हिशेब वजनावर असतो, पहिला शॉक किलोमागे 2 ज्यूल, पुढचा 4. मोठ्या माणसाला आताच्या बायफेजिक मशीनवर 120 ते 200. जुन्या मोनोफेजिक मशीनवर 360 लागायचे. त्यांत करंट एकाच दिशेने जायचा. बायफेजिकमध्ये तो अर्ध्यात दिशा बदलतो, त्यामुळे कमी ऊर्जेत काम होतं आणि स्नायूला इजाही कमी होते.

मशीन उघडलं की आत सगळ्यात ठळक दिसतो तो कपॅसिटर. बॅटरी थोड्या व्होल्टची असते. सर्किट ते व्होल्टेज चढवत नेतं आणि काही सेकंदांत कपॅसिटर दोन हजार व्होल्टच्या घरात भरतो. चार्ज होताना बारीक आवाज चढत जातो, तो याचाच. शंभर मायक्रोफॅरडचा कपॅसिटर 2,000 व्होल्टला भरला की त्यात बरोबर 200 ज्यूल साठतात. डिप्लोमाच्या पहिल्या वर्षातलं सूत्र आहे. ही ऊर्जा काही फार नाही, दहा वॅटचा दिवा वीस सेकंद जळेल एवढीच. पण ती सगळी एका सेकंदाच्या शंभराव्या भागाच्या आसपास वेळात छातीतून जाते, वीस-पंचवीस अँपिअर होऊन. त्यामुळे झाकण काढल्यावर मी आधी कपॅसिटर डिस्चार्ज करतो, मीटरवर शून्य बघतो आणि मगच बोट आत घालतो. प्लग काढला म्हणजे हे मशीन निर्धोक झालं असं नाही.

विजेचा हा धाक मला घरातूनच मिळाला. वडील वीज मंडळात लाईनमन होते. डीपीवर चढण्याआधी ते तीनदा खात्री करायचे आणि तरीही आई ते घरी येईपर्यंत जेवायची नाही. पुढे या मशीनचा इतिहास वाचला तेव्हा मला नवल वाटलं, कारण त्याच्या मुळाशी लाईनमनच आहेत. शंभर वर्षांपूर्वी अमेरिकेत तारांवर काम करणारी माणसं करंट लागून मरत होती, म्हणून तिथल्या वीज कंपन्यांनी संशोधनाला पैसा दिला. बाल्टिमोरच्या जॉन्स हॉपकिन्समध्ये विल्यम कौवेनहोवेन नावाचे विजेचे इंजिनिअर त्यामागे लागले. ते डॉक्टर नव्हते. त्यांच्या गटाने 1930 च्या दशकात कुत्र्यांवर दाखवून दिलं की ज्या विजेने हृदय थरथरायला लागतं, त्याच विजेच्या मोठ्या झटक्याने ते थांबवता येतं. काट्याने काटा काढायचा, तसंच. त्याआधी 1899 मध्ये जिनिव्हात प्रेव्होस्त आणि बतेल्ली यांना हे दिसलं होतं, पण ते तिथेच पडून राहिलं.

माणसावर पहिलं यश आलं ते 1947 मध्ये. क्लीव्हलँडचे सर्जन क्लॉड बेक 14 वर्षांच्या मुलाची शस्त्रक्रिया करत होते, त्याचं हृदय थरथरायला लागलं. त्यांनी छाती पुन्हा उघडून हृदय हाताने दाबत ठेवलं आणि पॅडल थेट हृदयाला लावून शॉक दिला. मुलगा वाचला. छाती न उघडता बाहेरून शॉक देणं बोस्टनच्या पॉल झोल यांनी 1956 मध्ये जमवलं, आणि 1962 मध्ये बर्नार्ड लाऊन यांनी आजच्यासारखं, कपॅसिटरचं डीसी मशीन आणलं. बेलफास्टच्या फ्रँक पँट्रिज यांनी 1965 मध्ये मोटारीच्या बॅटऱ्यांवर चालणारं सत्तर किलोचं मशीन तयार करून ॲम्ब्युलन्समध्ये चढवलं. आज तेच मशीन मी एका हाताने उचलून मोटारसायकलला बांधतो.

या सगळ्यात मला सगळ्यात मोलाची वाटते ती एक बारीक गोष्ट. कौवेनहोवेन यांच्या प्रयोगशाळेत गाय निकरबॉकर नावाचा एक तरुण इंजिनिअर होता. शॉक देण्याआधी जड पॅडल कुत्र्याच्या छातीवर नुसते दाबले तरी रक्तदाबाची सुई जरा वर जाते, हे त्याच्या लक्षात आलं. वीज न सोडता, नुसत्या दाबाने. त्यातून 1960 मध्ये जगासमोर आलं ते छाती दाबण्याचं तंत्र, ज्याला आज सगळे सीपीआर म्हणतात. म्हणजे मशीन बनवता बनवता, मशीन येईपर्यंत काय करायचं याचं उत्तर त्याच माणसांना सापडलं. हा इतिहास मी भेटेल त्या सिस्टरला सांगतो, कारण या दोन गोष्टी एकमेकींवाचून लंगड्या आहेत हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे.

ऊसतोडीच्या हंगामातली दुपार. एका खासगी दवाखान्यात माझी नेहमीची तपासणी चालू होती. शॉक मशीन खोक्यावर वाजवून, कागदाचा रोल बदलून नुकतंच ट्रॉलीवर ठेवलं होतं. छातीत कळ येते म्हणून पन्नाशीचा एक मुकादम दाखल झाला होता. ईसीजीत अटॅक दिसत होता, सोलापूरला हलवायची तयारी चालली होती. तो भावाशी पैशांचं काही बोलत होता आणि बोलता बोलता त्याची मान कलली. मॉनिटरवर वेड्यावाकड्या लाटा. सिस्टरने दुसऱ्या कुणाकडे बघितलंच नाही. ती स्टुलावर चढली आणि दोन्ही हात त्याच्या छातीवर ठेवून दाबायला लागली. डॉक्टर धावत आले, जेल लावलं, एक पॅडल उजव्या गळपट्टीच्या हाडाखाली, दुसरा डाव्या काखेच्या खाली. ऑक्सिजनचा मास्क मामांनी लांब केला. चार्जचा आवाज चढत गेला. “बाजूला व्हा, कॉटला कुणी हात लावू नका.” दणका बसला. माणूस काही हातभर उडला नाही, खांदे आणि हात जरासे झटकले, एवढंच.

स्क्रीनवर सरळ रेघ. दोनच सेकंद असतील. एवढी मशीन वाजवली, पण ती रेघ मी खऱ्या माणसावर पहिल्यांदा पाहत होतो. डॉक्टर रेघेकडे बघत थांबले नाहीत, “दाबा, थांबू नका” म्हणाले. शॉकनंतर लय आली तरी हृदयात लगेच जोर नसतो, म्हणून आणखी दोन मिनिटं छाती दाबत राहायचं असतं. ती दोन मिनिटं पुरी व्हायच्या आतच मुकादमाने हात उचलून सिस्टरचं मनगट ढकललं आणि कण्हत म्हणाला, “दुखतंय की, बाई.”

सोलापूर जेऊरहून शंभर किलोमीटरच्या वर. त्याला मशीन असलेल्या ॲम्ब्युलन्समधून नेलं, तिथे अँजिओप्लास्टी झाली आणि महिनाभराने तो त्याच दवाखान्यात पेढे घेऊन आला. सिस्टरला त्याने नमस्कार केला. तिला संकोच वाटला, पण मला वाटतं नमस्कार योग्य माणसालाच झाला.

दुसरी गोष्ट सांगायला जड जाते. बॅकवॉटरच्या कडेला शेतकऱ्यांच्या मोटारी असतात. पाणी मागे हटलं की पाईप आणि केबल घेऊन मोटार पुढे सरकवायची, पाणी चढलं की पुन्हा मागे घ्यायची. चिखल, ओले पाय, जागोजाग जोड दिलेली केबल आणि शेतीची वीज कित्येकदा रात्रीची. छातीतून शंभर मिलिअँपिअर गेले तरी हृदय थरथरायला लागू शकतं, आणि वीस-पंचवीस वॅटचा बल्ब पेटतो तो एवढ्याच करंटवर. असाच एक तरुण शेतकरी पिकअपमधून आणला गेला. गाडीला दवाखान्यापर्यंत अर्ध्या तासाहून जास्त वेळ लागला होता. मागे हौद्यात त्याला मांडीवर घेऊन तिघं बसले होते. त्यांनी पाय चोळले, तोंडावर पाणी मारलं, हाका मारल्या. छाती कुणी दाबली नव्हती, कारण दाबायची असते हे कुणी सांगितलंच नव्हतं.

मॉनिटरवर सरळ रेघ. डॉक्टर आणि सिस्टर आळीपाळीने छाती दाबत होते, इंजेक्शनं चालू होती. त्याच्या धाकट्या भावाने माझ्या शेजारचं मशीन ओळखलं आणि माझा दंड धरला. “दादा, ते शॉकचं मशीन हाय की. लावा की ते. का लावत न्हाईत?” त्याला वाटत होतं, पैशाचं काहीतरी आहे म्हणून आम्ही थांबलोय. मी सांगायचा प्रयत्न केला की या रेघेवर ते चालत नाही. पण भाऊ समोर पडलेला असताना कुणाला काय समजावणार? तो ऐकत होता आणि ऐकत नव्हता. डॉक्टरांनी बराच वेळ प्रयत्न केले, मग घड्याळ बघितलं.

करंट लागल्या क्षणी त्या तरुणाचं हृदय बहुधा थरथरत होतं, सरळ झालेलं नव्हतं. त्या वेळी शॉक चालला असता. व्हीएफमध्ये, छाती न दाबता, प्रत्येक मिनिटाला वाचण्याची शक्यता सात ते दहा टक्क्यांनी घटते. दहा-बारा मिनिटांत हातात फारसं काही उरत नाही. कुणी छाती दाबत राहिलं तर ही घसरण निम्म्यावर येते आणि हृदय थरथरत्या अवस्थेत जास्त वेळ टिकतं, म्हणजे मशीन पोचेपर्यंत मशीनला काम शिल्लक राहतं. कुठल्याही वाडीवरून दवाखान्याचं अंतर आम्ही कमी करू शकत नाही. मधली मिनिटं मात्र भरून काढता येतात.

आता मशीनच्या तयारीविषयी, कारण माझं पोट त्यावर चालतं आणि माझा राग त्यावरच आहे. एका रुग्णालयात, गाव सांगत नाही, शॉक मशीन ट्रॉलीवर चकचकीत पुसून ठेवलेलं होतं. सुरू केलं आणि चार्जला लावलं की स्क्रीन विझायची. बॅटरी केव्हाच गेली होती, आणि मशीनचा प्लग काढून त्या सॉकेटला मोबाईलचे चार्जर लावलेले होते. दुसऱ्या ठिकाणी पॅडलवर जुन्या जेलचा पापुद्रा वाळून बसला होता. असा पापुद्रा करंट अडवतो आणि कातडी भाजते. तिसरीकडे चिकटवायच्या पॅडची मुदत उलटून गेलेली, आतलं जेल कोरडं. यातलं काहीही दुरुस्त करायला इंजिनिअर लागत नाही. रोज सकाळी ड्युटी बदलताना मशीन सुरू करायचं, कंपनीने सांगितलेली चाचणी घ्यायची (काही मशीनवर ती 30 ज्यूलची असते), निघालेली चिठ्ठी वहीत चिकटवायची आणि प्लग जागेवर आहे हे बघायचं. दोन मिनिटांचं काम. ज्या दवाखान्यांत ही वही भरलेली असते, तिथे मला फारसं काम निघत नाही, आणि त्याचा मला आनंद आहे.

बॅटरीच्या याच दुखण्यावर पुण्यात एक उत्तर शोधलं गेलं आहे. जीवट्रॉनिक्स या कंपनीच्या आशिष गावडे आणि अनिरुद्ध अत्रे यांनी ‘सन्मित्र’ नावाचा डिफिब्रिलेटर तयार केला. तो विजेवर चालतो, आणि वीज नसेल तर हँडल फिरवून हाताने चार्ज करता येतो. ज्यांच्याकडे कधी लाईट जात नाही त्यांना हे कदाचित मागासलेलं वाटेल. वळवाच्या पावसात तारा तुटून रात्र रात्र अंधारात काढणाऱ्या आमच्या भागाला याची किंमत कळते. अशी बुद्धी आपल्या राज्यात, आपल्या गरजेसाठी लागली याचा मला मनापासून अभिमान वाटतो.

दुसरी वाट म्हणजे मशीन पेशंटकडे नेणं. राज्यात 108 ची सेवा 2014 मध्ये 937 ॲम्ब्युलन्सनी सुरू झाली. त्यांतल्या 233 अतिदक्षतेच्या, म्हणजे डिफिब्रिलेटर आणि व्हेंटिलेटरसह, बाकीच्या प्राथमिक स्वरूपाच्या. प्रत्येक गाडीत डॉक्टर, ही महाराष्ट्राची चांगली गोष्ट. आणि तिसरी वाट एईडी. हे छोटं मशीन डॉक्टर नसलेल्या माणसानेही वापरण्यासाठीच केलेलं आहे. झाकण उघडायचं, चित्रात दाखवलंय तिथे दोन पॅड चिकटवायचे. लय ते स्वतः ओळखतं. सरळ रेघ असेल तर बटण कितीही दाबा, शॉक सोडत नाही, त्यामुळे चुकीचा शॉक बसेल ही भीती नको. विमानतळांवर ही मशीन असतात. साखर कारखान्यात, बाजार समितीत, मोठ्या स्टेशनवर, पालखीच्या तळावर ती का नसावीत? लाखाच्या आसपास किंमत, एका ट्रॅक्टरच्या पासंगालाही पुरणार नाही. पण घेतलं तर त्याची जबाबदारी एका माणसाच्या नावावर लिहा. पॅडची आणि बॅटरीची तारीख बघणारं कुणी नसेल तर ती पेटी भिंतीची शोभा होऊन बसेल.

त्या तरुणाच्या घटनेनंतर मी सुट्टीच्या दिवशी गावागावांत छाती दाबणं शिकवायला जातो. जुन्या रबराचा एक पुतळा मिळाला आहे, एक डॉक्टर मित्र बरोबर येतो. शिकवताना जे अडथळे येतात ते कुठल्या पुस्तकात नव्हते. माणूस कोसळला आणि हातपाय झटकायला लागला की लोकांना ती फिट वाटते. मग कांदा शोधतात, चप्पल हुंगवतात. हृदय थरथरायला लागल्यावर पहिल्या काही सेकंदांत असे झटके येऊ शकतात. त्यानंतर माणूस मासोळीसारखा तोंड उघडून आचके देतो, आणि नातेवाईक म्हणतात, श्वास चालू आहे. तो श्वास नव्हे. हाक मारून, खांदा हलवून माणूस जागा होत नाही आणि नीट श्वास घेत नाही, एवढं दिसलं की दाबायला सुरुवात करायची.

दुसरा अडथळा लाजेचा. बाई कोसळली तर पुरुष पुढे होत नाहीत, आणि बायकांना वाटतं हे पुरुषांचं काम. ब्लाऊज कापायची वेळ आली तर सगळे एकमेकांकडे बघतात. मी स्पष्ट सांगतो, एईडीचे पॅड उघड्या, कोरड्या कातडीवरच चिकटतात, मंगळसूत्र बाजूला सारा, दोघींनी साडी आडवी धरा आणि काम करा. कंदरजवळच्या एका वस्तीवर एक आजी मागच्या रांगेतून उठल्या, पुतळ्यापाशी बसल्या आणि अशा जोराने दाबायला लागल्या की तरुण पोरं बघत राहिली. “पीठ मळलंय जन्मभर,” म्हणाल्या. त्यांचा हात अगदी बरोबर पडत होता.

तिसरी गोष्ट आमच्या भागापुरती फार महत्त्वाची. करंट लागलेल्या माणसाला आधी हात लावू नका. स्टार्टर बंद करा, मेन स्विच पाडा, नाहीतर कोरड्या लाकडाने केबल दूर करा. एकाला सोडवायला गेलेला दुसराही अडकतो. वडील हे मला लहानपणापासून सांगत आले, आणि आता सत्तरी ओलांडल्यावर माझ्याबरोबर येऊन हा भाग तेच शिकवतात. माझ्यापेक्षा त्यांचं जास्त ऐकतात लोक.

ज्यांना आधी अटॅक येऊन गेला आहे किंवा ज्यांच्या हृदयाची ताकद फार कमी झाली आहे, अशा काहींच्या कातडीखाली आता छोटा डिफिब्रिलेटर बसवतात. 1980 मध्ये मिशेल मिरोव्स्की यांच्या गटाने बाल्टिमोरला तो पहिल्यांदा माणसात बसवला. तो खर्चाचा आणि मोठ्या शहरांचा विषय आहे, त्याबद्दल तुमचे हृदयरोगतज्ज्ञ सांगतील. मला बोलायचं आहे ते ट्रॉलीवरच्या मशीनबद्दल आणि त्याच्या आधीच्या मिनिटांबद्दल.

तेव्हा हे वाचणाऱ्यांकडे दोन मागण्या आहेत. पुढच्या वेळी कुणाला दवाखान्यात भरती कराल तेव्हा सिस्टरना शांतपणे विचारा, शॉक मशीनची आजची चाचणी झाली का, चिठ्ठी दाखवाल का. रागावून नको, पण विचारा. विचारणारं कुणी आहे म्हटलं की वही भरली जाते. आणि आपल्या गावात, कारखान्यात, शाळेत एक संध्याकाळ छाती दाबायला शिका. 108 ला फोन लावायला एकाला सांगायचं, माणसाला कठीण जमिनीवर उताणं निजवायचं, छातीच्या मधोमध तळहाताचा मनगटाजवळचा भाग ठेवून त्यावर दुसरा हात, कोपर ताठ. पाच-सहा सेंटिमीटर खोल, मिनिटाला 100 ते 120 वेळा, प्रत्येक वेळी छाती पूर्ण वर येऊ द्यायची. दोन मिनिटांनी माणूस बदलायचा. मशीन किंवा गाडी पोचेपर्यंत थांबायचं नाही. शिकवायला माणूस मिळत नसेल तर जवळच्या सरकारी दवाखान्यात जाऊन डॉक्टरांना गळ घाला. आणि जेऊरच्या आसपास असाल तर मला बोलवा, पुतळा घेऊन मी येतो.